नणंदेचा रुमाल आणि वहिनीचा डाव

आधीच सांगून टाकते, मला बुद्धिबळातलं ओ की ठो कळत नाही. घोडा अडीच घरं चालतो म्हणतात. त्यातलं ते अर्धं घर कुठून आणायचं, हे मला अजून उमगलेलं नाही. हे सांगायचं कारण एवढंच की शिकल्यासवरल्या माणसांच्या एका समितीने एकदा असा निकाल दिला, की मी प्रेक्षकांत बसून रुमालाने खुणा केल्या आणि त्या खुणांच्या जोरावर माझ्या वहिनीने शहरातल्या सर्वांत मोठ्या खेळाडूला हरवलं. मला त्या दिवशी सर्दी झाली होती. नाक पुसलं, ही माझी चूक.

आज इतकी वर्षं झाली, पण हे आठवलं की माझ्या तळपायाची आग अजून मस्तकात जाते. आणि माझं हे असं, तर तिचं काय झालं असेल!

वहिनी रुग्णालयाच्या धुलाईखान्यात कामाला आहे. सकाळची पाळी. वॉर्डांतून ट्रॉल्या भरून चादरी येतात, त्यांतल्या रक्ताच्या वेगळ्या काढून आधी गार पाण्यात टाकायच्या, बाकीच्या मोठ्या यंत्रात, आणि मग त्या वाफेच्या रुळाखालून काढायच्या. एका बाजूने एक बाई चादर ताणून आत सरकवते, दुसऱ्या बाजूला वहिनी ती गरम गरम ओढून घेते आणि घडी घालते. पाळी संपेपर्यंत हेच. तिच्या मनगटांवर भाजल्याचे बारीक पांढरे डाग आहेत. दुपारच्या सुट्टीत ती आणि बॉयलरवाला उलट्या टाकलेल्या बादलीवर पट मांडून बसतात. बॉयलरवाल्याला ती आधी वजीर न घेता हरवायची, मग वजीर आणि एक हत्ती न घेता. तो बिचारा म्हणायचा, "बाई, उद्या तुम्ही नुसता राजा घेऊन बसा, तरी मी हरेन."

हे तिच्यात आलं कुठून, तर तिच्या वडलांच्या दुकानातून. ते न्हावी होते. दुकानात वाट बघणाऱ्या गिऱ्हाइकांसाठी त्यांनी एक पट ठेवला होता, आणि तोंडाला साबण लावलेली माणसं खुर्चीतून ओरडून दुसऱ्यांना चाली सांगायची. वहिनी शाळेतून आली की केस झाडायला तिथे. झाडता झाडता बघायची, बघता बघता खेळायला लागली. दहावीत पोचेपर्यंत दुकानात तिला हरवणारा कुणी उरला नव्हता, आणि वडील गिऱ्हाइकांना सांगायचे, "पोरीशी खेळायचं असेल तर आधी दाढी करून घ्या, नंतर मान स्थिर राहायची नाही तुमची."

मग लग्न झालं. माझा दादा वीजबिलांच्या कचेरीत. माणूस वाईट नाही, पण चार लोक काय म्हणतील या एका प्रश्नावर त्याचं अर्धं आयुष्य गेलंय. बायको बुद्धिबळ खेळते याचं त्याला सुरुवातीला कौतुक होतं. घरातल्या घरात होतं तोवर.

शहरातला क्लब वाचनालयाच्या वरच्या मजल्यावर भरायचा. लोखंडी खुर्च्या, भिंतीवर जुन्या विजेत्यांचे फोटो, सगळे पुरुष, सगळे एकाच पद्धतीने हनुवटीखाली हात घेऊन बसलेले. वहिनी पहिल्यांदा तिथे गेली ती कामावरून थेट, अंगाला क्लोरीनचा वास घेऊन. त्या वासावरून की तिच्या कामावरून, कोण जाणे, पण महिन्याभरात तिचं नाव पडलं "चादरवाली". तोंडावर "बाई", पाठीमागे "चादरवाली". तिला ते ठाऊक होतं. मला म्हणायची, "म्हणू दे. हरताना चादरवालीकडून हरतात ना? मग झालं तर."

शहर अजिंक्यपद स्पर्धेला ती नाव द्यायला गेली, तेव्हा मी सोबत होते. बुद्धिबळ संघटनेचे सचिव टेबलामागे बसलेले. फर्निचरच्या मोठ्या दुकानाचे मालक, बोलणं गोड. म्हणाले, "अहो बाई, महिला गटाची स्पर्धा पुढच्या महिन्यात आहे."

"तिथेही येईन," वहिनी म्हणाली. "आज इथे नाव लिहा."

"ही खुली स्पर्धा आहे हो."

"खुली आहे म्हणूनच आले."

मागे रांगेत कुणीतरी हसलं. सचिवांनी नाव लिहिलं, पण असं, की जणू पेनातली शाई तिच्यामुळे संपणार होती.

स्पर्धा एका शाळेच्या सभागृहात होती. पहिल्या फेऱ्या वहिनीने जिंकल्या, एक डाव बरोबरीत सुटला. शेवटून दुसऱ्या फेरीत तिच्यासमोर आले सर. त्यांना सगळे नुसतं "सर"च म्हणायचे. ते मास्टर होते, परदेशात खेळून आलेले, शहरातल्या अर्ध्या पोरांचे शिक्षक. भिंतीवरच्या फोटोंपैकी पाच फोटो त्यांचेच. मी नाक पुसत शेवटच्या रांगेत बसले होते.

डावात काय झालं ते मला नंतर वहिनीने आणि इतर चारजणांनी समजावलं, म्हणून सांगते. मध्येच तिने आपला हत्ती देऊन त्यांचा उंट घेतला. हत्ती उंटापेक्षा भारी, एवढं मलाही कळतं. सभागृहात कुजबूज झाली, चादरवाली घसरली म्हणून. सर हसले. मग ते विचार करायला लागले. मग त्यांनी कोट काढला. मग पाणी प्यायले. आणि त्यानंतर बऱ्याच वेळाने त्यांनी आपला राजा आडवा केला, हात न मिळवता उठले आणि सरळ सचिवांच्या खोलीत गेले.

आम्ही दोघी आनंदाने चहा प्यायला निघालो होतो. दारातच पंचांनी अडवलं. "जरा आत या. दोघीही."

आत सचिव, सर आणि आणखी दोन सभासद. सर कुणाकडेच बघत नव्हते. सचिव म्हणाले की तक्रार आली आहे. प्रेक्षकांतली एक बाई सारखा रुमाल हलवत होती. तिच्याकडे फोन होता. फोनवरून चाली मिळवून तिने रुमालाने कळवल्या, असा संशय आहे.

मला आधी हसूच आलं. "अहो, मला सर्दी झालीय!"

"ते तुम्ही म्हणताय."

"मग नाक दाखवू का?"

वहिनीने माझा हात दाबला. त्यांनी माझी पर्स टेबलावर उपडी केली. गोळ्यांची पट्टी, घरची किल्ली, फोन. मी औषधांच्या दुकानात काउंटरवर असते, फोनमध्ये दुकानाचेच मेसेज. तरी त्यांनी बघून घेतलं. मग वहिनीला चपला काढायला लावल्या. अंबाडा सोडायला लावला. चार पुरुषांसमोर. एक सभासद तिच्या मोकळ्या केसांत वाकून बघत होता, कानात काही बसवलंय का म्हणून. वहिनी भिंतीकडे बघत उभी राहिली. काही सापडलं नाही. सापडणार काय, कप्पाळ?

"माणूस अशी चाल खेळत नाही," सर पहिल्यांदाच बोलले. "तो हत्ती देणं हे यंत्राचं काम आहे."

"पट आणा," वहिनी म्हणाली. "का दिला ते सांगते."

पट आणला. केस मोकळेच ठेवून तिने सगळा डाव पहिल्यापासून लावला. सांगितलं, "तुमचा हा उंट एकटा राजाभोवतीची काळी घरं राखत होता. माझे हत्ती नुसते उभे होते. एक दिला, राखणदार गेला, मग घोडा आत आला. तुम्ही इथे प्यादं पुढे केलंत, भीतीने. तिथे डाव गेला."

मला वाटलं, संपलं. आता माफी मागतील. सचिव मागे रेलून म्हणाले, "एवढं व्यवस्थित सांगताय म्हणजे पाठ करूनच आला असणार."

सांगा, यावर काय बोलणार? चुकली असती तर म्हणाले असते बघा, कळत नाही. बरोबर सांगितलं तर पाठांतर! माझ्या डोक्यात अशी तिडीक गेली की मी टेबलावर हात आपटला, चार सोंगट्या खाली पडल्या. तेही नंतर निकालात लिहिलं, "नातेवाइकाचे असभ्य वर्तन."

डाव तिच्या नावावर हार म्हणून लागला. वर समितीने मोठ्या मनाने एक वाट ठेवली. गैरसमज झाला असेल तर क्षमस्व, असं तिने लिहून द्यायचं, म्हणजे विषय मिटला. नाहीतर दोन वर्षं बंदी.

दुसऱ्या दिवशी सचिवांनी तो मजकूर टाइप करून दादाच्या कचेरीत पाठवला. वहिनीकडे नाही, दादाकडे. दादाने पुढल्या सकाळी नाश्त्याच्या टेबलावर तो कागद तिच्यापुढे सरकवला.

"सही कर आणि मोकळी हो," तो म्हणाला. "ऑफिसात लोक मला रुमाल दाखवतात. शिंक आली तरी हसतात."

"तू काय सांगतोस त्यांना?"

"काय सांगणार? गप्प बसतो."

"मूग गिळून बसतोस," वहिनी म्हणाली, "आणि मला सही करायला सांगतोस. चोरी केली असती तर पाय धरले असते रे मी. जिंकले, त्याची माफी कशी मागू?"

"क्षमस्व एवढंच लिहिलंय. एक शब्द आहे."

"मग तू लिहून दे ना. तुझ्या नावाने."

दादा चिडला. म्हणाला की इज्जत घालवलीस, खेळ म्हणजे काय पोट भरणार आहे का, वगैरे. मी मध्ये पडले. "दादा, खुणा मी केल्या म्हणतात. मला विचारलंस का एकदा तरी, केल्यास का म्हणून?"

त्याने चहाचा कप उचलला. विचारलं मात्र नाहीच.

वहिनीने कागदाची घडी घातली, चादरीची घालते तशी, कडा जुळवून, आणि कचऱ्याच्या डब्यात टाकली. बंदी लागली.

लोक म्हणतात राग वाईट. असेल. पण त्या काळात वहिनीला रागाने उभं ठेवलं, हे मी डोळ्यांनी पाहिलंय. क्लबच्या दारातून तिला परत पाठवलं, तर ती फोनवर अनोळखी लोकांशी खेळायला लागली. कुठल्या कुठल्या देशांतले लोक. तिथे तिने नाव घेतलं होतं "चादरवाली". स्वतःहून. धुलाईखान्यातल्या बायकांना सुट्टीत शिकवायला लागली. शिकवताना इतकी कडक की एकदा रुळावरची बाई रडली. "रडू नकोस," वहिनी तिला म्हणाली, "चिडून खेळ. पण चाल मात्र थंड डोक्याने कर." घरात ती दादाशी भाजी, दूध, पंखा, एवढ्याच विषयांवर बोलायची.

बंदी संपली, आणि तिने पहिल्याच दिवशी नाव दिलं. सचिव तेच. ह्या वेळी काही बोलले नाहीत. मी घरी थांबते म्हटलं, तर वहिनी म्हणाली, "तू पहिल्या रांगेत बस. आणि रुमाल घेऊन ये."

चौथ्या फेरीत जोडी लागली. वहिनी आणि सर. सभागृह भरलं. वहिनी वेळेआधी येऊन बसली, समोरच्या रिकाम्या खुर्चीकडे बघत. घड्याळ सुरू झालं. खुर्ची रिकामीच. पंचांनी येऊन सांगितलं, सरांची तब्येत बिघडलीय, ते वेळेत आलेच नाहीत तर पॉइंट तुम्हाला.

वेळ संपली. पॉइंट मिळाला. वहिनी उठून पंचांच्या टेबलापाशी गेली. "मला पॉइंट नको. डाव हवा. उद्या खेळवा, परवा खेळवा."

"नियमात बसत नाही, बाई."

"माझे केस सोडणं बसलं होतं नियमात?"

पंच तरुण होते. त्यांनी मान खाली घातली. आणि दुसऱ्या दिवशी सकाळी पाचव्या फेरीला सर हजर! कोट घालून, ठणठणीत, दुसऱ्या कुणासमोर. एका रात्रीत कुठला आजार असा बरा होतो, औषधांच्या दुकानात काम करून मला तरी ठाऊक नाही.

वहिनी ती स्पर्धा दुसऱ्या क्रमांकाने संपवून घरी आली आणि बक्षीस कोपऱ्यात टाकून दिलं. रविवारी मला म्हणाली, "चल."

सरांची अकादमी एका इमारतीच्या तळमजल्यावर होती. आत मुलं टेबलांवर, भिंतीला लागून आई-वडील बसलेले. वहिनी सरळ चालत गेली आणि सरांच्या टेबलासमोरच्या खुर्चीत बसली. मला म्हणाली, "तू दाराबाहेर उभी राहा. पाठ करून." मी राहिले. पण काच होती, आणि माझे कान शाबूत होते.

"काय आहे?" सर म्हणाले.

"राहिलेला डाव."

"हा क्लास आहे. तमाशा करू नका."

"तमाशा तुम्ही केला होता, सर. मी खेळायला आलेय. फोन काढून घ्यायचा तर हा घ्या, कुणालाही द्या. नणंद बाहेर आहे. केस सोडू का?"

खोलीत सगळी सोंगट्यांची खडखड थांबली. एका मुलीची आई हळूच म्हणाली, "खेळा ना, सर. मुलांना बघायला मिळेल." झालं. आता उठून जायची सोय राहिली नाही. सरांनी घड्याळ लावलं.

मी पाठ करून उभी राहिले ती थोडाच वेळ. मग वळलेच. मुलं दोघांभोवती कोंडाळं करून उभी होती. पुढे एका मुलाच्या वडलांनी मला दारात येऊन सांगितलं की बाईंचं पारडं जड आहे. जरा वेळाने सरांनी खालच्या आवाजात विचारलं, "बरोबरी?"

"नाही."

पुन्हा काही वेळाने, "बाई, बरोबरीच आहे ही."

"असेल. खेळा."

माणूस खेळाडू म्हणून लहान नव्हता, हे वहिनीच नंतर म्हणाली. तिचं एक प्यादं जास्त होतं, आणि ते त्यांनी जिवाच्या आकांताने अडवून धरलं. ती सोडेना, ते हरेनात. एकेक सोंगटी पटावरून जात गेली. शेवटी सरांनी तिचं ते प्यादंही मारलं, आणि पटावर नुसते दोन राजे उरले. आता कुणाला काही करताच येणार नव्हतं.

वहिनी बसूनच राहिली. "आता सांगा," ती म्हणाली. आवाज मोठा नव्हता, पण मला बाहेर ऐकू आला. "आज मला खुणा कोण करत होतं?"

सरांनी चष्मा काढला. "तक्रार सचिवांनी लिहून आणली होती," ते म्हणाले. "मी फक्त सही केली."

"खोटी आहे हे माहीत होतं?"

सर चष्मा पुसायला लागले.

"माहीत होतं का, सर?"

"मी हरलो होतो," सर म्हणाले. "तुमच्याकडून."

म्हणजे काय, ते तिथल्या लहान मुलांनाही कळलं. वहिनी उठली. "मग जशी ती सही केलीत, तशी आता एक करा. तेवढंच मागते." सरांनी मान हलवली, हो अशी की नाही अशी, ते आम्हाला पुढे कळलं. त्यांनी ती सही कधीच केली नाही. संघटनेच्या दप्तरी तो डाव अजून वहिनीची हार म्हणूनच आहे. तीनदा गेलो आम्ही. जुने निकाल बदलता येत नाहीत म्हणे. खोटे लावता येतात, बदलता येत नाहीत!

पण त्या खोलीत आई-वडील बसले होते, आणि त्यांची तोंडं काही सचिवांच्या हातात नव्हती. गावभर झालं. पुढच्या वर्षी खेळाडूंनीच बैठकीत गोंधळ घातला, तो तरुण पंच सगळ्यांच्या पुढे. पुराव्याशिवाय कुणाचा डाव काढून घ्यायचा नाही, आणि बाईची झडती बाईनेच घ्यायची, असा नियम झाला. सचिव पदावरून गेले, त्यांच्या जागी त्यांचा पुतण्या आला, तोही गोडच बोलतो. आणि त्या वर्षी वहिनीने शहर अजिंक्यपद जिंकलं. करंडक द्यायला सचिवांचा पुतण्या पुढे आला, तर तिने त्याच्या हाताकडे पाहिलंच नाही. टेबलावरून करंडक स्वतः उचलला आणि खाली उतरली. टाळ्या वाजवून वाजवून माझे हात लाल झाले.

घरी येऊन बघते तर दादाने कचेरीतली माणसं बोलावलेली. करंडक मधोमध ठेवून सांगत होता, "मी आधीपासून म्हणायचो, हिच्यात काहीतरी आहे. आम्ही कधी माघार घेतली नाही."

"आम्ही?" मी म्हणाले. सगळ्यांसमोर. "दादा, तो टाइप केलेला कागद टेबलावर कोणी सरकवला होता रे? आम्ही?"

माणसांनी कप खाली ठेवले आणि एकेक करून काढता पाय घेतला. दादा म्हणाला, "लोकांपुढे बोलायची काय गरज होती?" वहिनी कपडे बदलून आली होती, कप गोळा करत होती. तिने माझी बाजूही घेतली नाही आणि त्याचीही नाही. एवढंच म्हणाली, "शनिवारी मी राज्य स्पर्धेला जातेय. आठवडाभर डबा तूच कर तुझा."

शनिवारी दादाने तिची बॅग बसस्टँडपर्यंत उचलून आणली. खिडकीतून पाण्याची बाटली दिली. काहीतरी बोलायला तोंड उघडलं, पण शेजारच्या सीटवर एक गृहस्थ बसले होते, त्यांच्याकडे बघून पुन्हा मिटलं. वहिनी बस सुटेपर्यंत समोर बघत बसली होती. बस वळून दिसेनाशी झाली तरी हा तिथेच.

"चल ना," तो मला म्हणाला.

"तू उभा राहा अजून थोडा वेळ," मी म्हटलं, आणि दुकान उघडायला निघून गेले.